खड्ड्यांचे गाणे आणि पालिकेची नोटीस

जुलै २०१७ मध्ये मुंबईतील रेड एफएम या खासगी रेडिओ वाहिनीच्या निवेदिका मलिष्का मेंडोन्सा यांनी रस्त्यांवरील खड्ड्यांविषयी एक उपरोधिक गाणे तयार केले आणि त्याची चित्रफीत समाजमाध्यमांवर प्रसृत झाली. चाल नवी नव्हती. त्या उन्हाळ्यात व पावसाळ्यात ‘सोनू’ या नावाने ओळखले जाणारे एक साधे, जवळजवळ बडबडगीतासारखे मराठी गाणे महाराष्ट्रभर पसरले होते. प्रियकराने प्रेयसीकडे विश्वासाबद्दल केलेली लाडिक तक्रार एवढाच त्याचा आशय. मलिष्का यांनी प्रेयसीच्या जागी मुंबई बसवली आणि विश्वासाचा प्रश्न महानगरपालिकेशी जोडला. तेवढ्या एका बदलाने लाडिक तक्रारीचा बोचरा उपरोध झाला. गाण्यातील वस्तुस्थिती प्रत्येक मुंबईकराला तोंडपाठ होती आणि वृत्तपत्रांतून दर पावसाळ्यात छापलीही जात होती. झोंबला तो मजकूर नव्हे. लोक त्याला हसत होते, हे झोंबले.

त्या वर्षीच्या फेब्रुवारीत महापालिकेची निवडणूक झाली होती. तीत शिवसेनेला ८४ व भारतीय जनता पक्षाला ८२ जागा मिळाल्या होत्या आणि पालिकेची सत्ता शिवसेनेकडे कायम राहिली होती. काठावरच्या विजयानंतरचा हा पहिलाच पावसाळा. अशा वेळी गाण्याकडे दुर्लक्ष करणे हे शहाणपणाचे ठरले असते, परंतु तसे घडले नाही. शिवसेनेच्या नगरसेवकांनी वाहिनीवर पाचशे कोटी रुपयांचा अब्रुनुकसानीचा दावा लावावा, अशी मागणी आयुक्तांकडे केली. त्याच चालीवर निवेदिकेला सुनावणारे प्रतिगीतही पक्षाच्या बाजूने आले. आणि त्याच दिवसांत पालिकेच्या कर्मचाऱ्यांनी मलिष्का यांच्या वांद्र्याच्या घराची तपासणी केली. तेथे कुंडीखालच्या ताटलीत साठलेल्या पाण्यात डेंग्यू पसरवणाऱ्या डासांच्या अळ्या सापडल्या आणि रीतसर नोटीस बजावण्यात आली.

पावसाळ्यात अशा तपासण्या होतच असतात आणि अळ्या सापडल्या तर नोटीस द्यावीच लागते, हे मान्य केले पाहिजे. डेंग्यूचा डास गाणे म्हणणाऱ्याचे घर वगळत नाही. परंतु प्रशासनाच्या कृतीचा अर्थ तिच्या कलमावरून ठरतो तितकाच तिच्या वेळेवरूनही ठरतो. लाखो घरांच्या शहरात नेमक्या त्याच आठवड्यात नेमके तेच घर निघावे, याला नागरिकांनी योगायोग मानले नाही. गाण्याने जे म्हटले होते, म्हणजे विश्वास उरलेला नाही, त्याला या नोटिशीने पुष्टीच दिली. कुंडीखालच्या वाटीभर पाण्याची दखल तत्परतेने घेणारी यंत्रणा रस्त्यांतील डबक्यांपाशी मात्र का थबकते, हा प्रश्न मग गाणे न ऐकलेल्यांनीही विचारला.

या प्रकरणाशी कराडचा संबंध काय, असे कोणी विचारील. मुंबईच्या एफएम वाहिनीचा ध्वनी कृष्णा-कोयनेच्या संगमापर्यंत पोहोचत नाही. तिच्या लहरींचा पल्लाच तेवढा नाही. परंतु सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू झाल्यानंतर मोबाइलवरील इंटरनेट इतके स्वस्त झाले, की जे कानांना मिळू शकत नव्हते ते डोळ्यांना मिळू लागले. रेडिओवरचे गाणे रेडिओ नसलेल्या ठिकाणी चित्रफीत होऊन गेले. आणि कराड, पाटण, वाळवा, शिराळा या तालुक्यांतील असंख्य कुटुंबांचा एक पाय पिढ्यान्‌पिढ्या मुंबईत आहे. गिरण्यांतले कामगार गेले, गोद्यांतले व बाजारांतले माथाडी राहिले. ज्यांच्या लढ्यातून १९६९ चा माथाडी कायदा आला, ते अण्णासाहेब पाटील पाटण खोऱ्यातलेच. तेव्हा मुंबईतील रस्त्यावरचा खड्डा हा येथील माणसाच्या दृष्टीने परक्या शहरातील करमणूक नव्हे. त्या रस्त्याने त्याचा भाऊ हातगाडी ओढत असतो.

दुसरा संबंध याहून जुना आहे आणि त्याची आठवण त्या वेळच्या चर्चेत फारशी कोणी काढली नाही. मुंबईवर गाणे रचून ते लोकांच्या तोंडी बसवण्याची परंपरा याच मुलखातून गेलेली आहे. रेठरे हरणाक्ष हे कृष्णाकाठचे गाव आज सांगली जिल्ह्याच्या वाळवा तालुक्यात असले, तरी १९४९ मध्ये दक्षिण सातारा जिल्हा वेगळा होईपर्यंत ते साताऱ्यातच मोडत असे. तेथील श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हा तरुण कुलकर्णीपण सोडून तमाशाच्या फडात गेला आणि पठ्ठे बापूराव झाला. या शाहिराने मुंबईची लावणी रचली. त्या लावणीला मुंबईच्या वैभवाचे अप्रूप आहे. खेड्यातून आलेल्या माणसाचे डोळे दिपावेत, तसा तिचा सूर आहे.

त्याच वाळवा तालुक्यातील वाटेगावचे अण्णा भाऊ साठे. १ ऑगस्ट १९२० हा त्यांचा जन्मदिवस. लहानपणी वडिलांबरोबर पायी चालत ते मुंबईला पोहोचले, पडेल ते काम केले, गिरणीत राबले. पुढे अमर शेख व द. ना. गवाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथकातून ते महाराष्ट्रभर हिंडले. त्यांनीही मुंबईची लावणी लिहिली. नाव तेच, शहर तेच; परंतु दृष्टी उलटी. टेकडीवरची श्रीमंती आणि खाली राबणाऱ्यांची वस्ती ही दोन चित्रे त्यांनी एकाच रचनेत शेजारी शेजारी ठेवली. बापूरावांच्या स्तुतीचा साचा त्यांनी घेतला आणि त्यात स्तुतीला न पेलणारा ऐवज भरला. उपरोधाची रीत हीच असते. ऐकणाऱ्याला ओळखीची चाल द्यावयाची, त्याने मान डोलावण्यास सुरुवात केली की त्या चालीतून भलतेच काही सांगावयाचे. २०१७ मध्ये ‘सोनू’च्या चालीचे जे झाले, त्याची कृती वाळव्याच्या शाहिराला नवी वाटली नसती.

तमाशाच्या रंगमंचावर तर ही कृती नित्याची होती. गण, गवळण झाली की बतावणी येते आणि सोंगाड्या तोंड उघडतो. वगातील राजा हा गावच्या पाटलाचा, मामलेदाराचा, पुढाऱ्याचा नातेवाईक आहे हे प्रेक्षकांना न सांगता कळते. पहिल्या रांगेत बसलेल्या पाटलालाही ते कळते आणि तोही हसतो, कारण न हसला तर सगळे गाव हसेल. सांगलीजवळच्या कवलापूरच्या काळू-बाळू या जुळ्या भावांच्या फडाने ‘जहरी प्याला’ या वगात हवालदारांची जी जोडी उभी केली, तिने फौजदारी खात्याची इतकी थट्टा केली, की त्या दोघांची खरी नावे मागे पडून लोकांनी त्यांना त्या हवालदारांच्याच नावाने ओळखावे. त्या वगाच्या बंदोबस्ताला खरे हवालदार असत. त्यांनी वग बंद पाडला नाही. तेही पाहत उभे राहत. सत्तेने सोंगाड्याला दिलेली ही मुभा कोठेही लिहिलेली नव्हती. मात्र उभय पक्षांना तिच्या सीमा ठाऊक होत्या.

ती मुभा सत्तेच्या औदार्यातून मिळालेली होती, असे मात्र समजू नये. स्वातंत्र्यानंतर लगेचच मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली. अश्लीलता हे कारण सांगण्यात आले. बंदी पुढे उठली ती संहिता आधी तपासून घेण्याच्या अटीवर. ‘लोकनाट्य’ हे नाव रूढ होण्यामागे जी कारणे आहेत, त्यांत या बंदीतून वाट काढणे हेही एक आहे आणि त्या वाटेवर अण्णा भाऊ पुढे होते. अश्लीलतेची तक्रार आणि डासांच्या अळ्यांची तक्रार यांत एक साम्य आहे. दोन्ही आपापल्या जागी खऱ्या असू शकतात आणि दोन्हींमुळे मूळ मजकुराला उत्तर देण्याची गरज टळते.

गाणे आणि त्याचे चित्र यांचा जो संसार आज घरोघर दिसतो, त्याचा आरंभ पाश्चात्त्य देशांत ज्याला ‘न्यू वेव्ह’ म्हणतात त्या संगीताच्या काळात, म्हणजे १९८० च्या आसपास झाला. द बगल्स या इंग्लिश जोडीने १९७९ मध्ये ‘व्हिडिओ किल्ड द रेडिओ स्टार’ हे गाणे केले. दृश्याच्या आगमनाने रेडिओच्या गायकाचे दिवस संपले, असा त्याचा हळहळीचा व थोडा थट्टेचा सूर. १ ऑगस्ट १९८१ रोजी अमेरिकेत एमटीव्ही ही केवळ गाण्यांच्या चित्रफिती दाखवणारी वाहिनी सुरू झाली तेव्हा तिने पहिली चित्रफीत दाखवली ती याच गाण्याची. ज्याच्यावर टीका त्यानेच ती टीका स्वागतगीत म्हणून वाजवावी, यापरता उपरोध कोणता? मुंबईत मात्र उलटे घडले. रेडिओचा आवाज दृश्याच्या पाठीवर बसून आपल्या लहरींच्या पल्ल्यापलीकडे गेला.

त्याच काळातील डेव्हो या अमेरिकन मंडळीची गोष्ट अधिक उद्बोधक आहे. ४ मे १९७० रोजी ओहायो राज्यातील केंट स्टेट विद्यापीठात व्हिएतनाम युद्धाच्या विरोधात निदर्शने करणाऱ्या विद्यार्थ्यांवर नॅशनल गार्डच्या सैनिकांनी गोळीबार केला आणि चार विद्यार्थी ठार झाले. या मंडळीचे संस्थापक त्याच विद्यापीठातले. प्रगतीच्या गप्पा मारणारा समाज प्रत्यक्षात मागे मागे चालला आहे, ही त्यांची धारणा त्या गोळीबाराने पक्की केली. १९८० मधील त्यांचे ‘व्हिप इट’ हे गाणे म्हणजे ‘झटून कामाला लागा, सर्व संकटे दूर होतील’ या थाटाच्या उत्साही उपदेशाचे विडंबन होते. श्रोत्यांनी त्याचा भलताच, चावट अर्थ लावला. गाणे अमेरिकेच्या यादीत चौदाव्या क्रमांकापर्यंत गेले आणि मंडळीने मग चित्रफीतही त्या गैरसमजाला खतपाणी घालणारी केली. तेथे उपरोध लोकप्रिय झाला, पण कळला नाही.

मुंबईच्या गाण्यावर ही आपत्ती आली नाही. ते ज्याला लागावयाचे त्याला बरोबर लागले, आणि पहिल्या दिवशीच लागले. याचे कारण कवित्व नव्हे. डेव्होचा श्रोता गाण्याच्या विषयाबाहेर उभा होता; मलिष्का यांचा श्रोता विषयाच्या आत, गुडघाभर पाण्यात उभा होता. ज्याच्या दुचाकीचे चाक सकाळीच खड्ड्यात गेले आहे, त्याला उपरोध समजावून सांगावा लागत नाही. शिवाय २०१७ साली खासगी एफएम वाहिन्यांना स्वतःच्या बातम्या देण्याची परवानगी नव्हती. रस्त्यांची दुर्दशा बातमी म्हणून सांगता येत नाही, गाणे म्हणून सांगता येते, अशी ही विलक्षण व्यवस्था होती. सरकारी धोरणानेच निवेदिकेला सोंगाड्याच्या जागी नेऊन उभे केले होते, असे म्हटले तर ते फारसे चुकीचे ठरणार नाही.

तरीही या गाण्याची तुलना अण्णा भाऊंच्या लावणीशी केली, की त्याचे उणेपण दिसू लागते. खड्डा आहे, इतके गाणे सांगते. तो का आहे, हे सांगत नाही. डांबरी रस्ता खराब होतो तो पावसाने नव्हे, तर साचलेल्या पाण्याने. पृष्ठभागावर पडलेल्या भेगेतून पाणी आत शिरते, खडी व डांबर यांची पकड सुटते, वरून चाके आपटत राहतात आणि काही दिवसांत थर उखडतो. पाणी वाहून जाण्यास उतार व गटार नसेल, तर उत्तम डांबरही टिकत नाही. त्यात पाण्याच्या, विजेच्या, दूरध्वनीच्या वाहिन्यांसाठी वर्षभर चर खणले जातात आणि घाईने बुजवले जातात. बुजवलेली माती नीट दाबलेली नसते, ती पहिल्या पावसात खचते. यांतील प्रत्येक पायरीवर कोणाची तरी सही असते. २०१६ मध्ये मुंबईतील ३४ रस्त्यांच्या कामांची चौकशी झाली, ठेकेदारांवर गुन्हे दाखल झाले, वरिष्ठ अभियंते निलंबित झाले. २०१७-१८ साठी पालिकेचा अर्थसंकल्प २५ हजार कोटी रुपयांहून अधिक होता. देशातील काही लहान राज्यांना हेवा वाटावा एवढा. पैसा कमी म्हणून खड्डे पडले, असे म्हणण्यास जागा नव्हती. ही सहीची, चौकशीची आणि पैशाची कथा गाण्यात नाही. शाहिराच्या लावणीत टेकडी आणि वस्ती यांचा संबंध दाखवलेला होता; चित्रफितीत केवळ वस्तीची गैरसोय दाखवलेली होती. गैरसोयीला हसून माणूस मोकळा होतो. संबंध लक्षात आला, तर तो सहजी मोकळा होत नाही.

सगळा दोष गाण्याच्या माथी मारणे मात्र अन्यायाचे होईल, कारण विषयाचे गांभीर्य सिद्ध होण्यास सुमारे सहा आठवडेच लागले. २९ ऑगस्ट २०१७ रोजी मुंबईत एका दिवसात तीनशे मिलिमीटरहून अधिक पाऊस झाला. पाण्याने भरलेल्या रस्त्याने घराकडे चालत निघालेले शहरातील एक नामवंत पोटविकारतज्ज्ञ प्रभादेवीच्या बाजूस उघड्या गटारद्वारात पडून वाहून गेले. त्यांचा मृतदेह दोन दिवसांनी वरळीला सापडला. त्या दिवसापुरते कोणी प्रतिगीत रचले नाही. पुढच्या पावसाळ्यात, २०१८ मध्ये, मलिष्का यांनी ‘झिंगाट’च्या चालीवर खड्ड्यांचे आणखी एक गाणे केले. त्यालाही श्रोते मिळाले. परंतु पहिल्या गाण्याने झालेला थरार दुसऱ्याने झाला नाही. उपरोधाचा उत्सव दर वर्षी होऊ लागला, की सत्तेलाही त्याची सवय होते.

आता प्रश्न राहतो तो मोठ्या शहराबाहेरचा. मुंबईच्या निवेदिकेच्या पाठीशी एक कंपनी होती, वृत्तपत्रे होती, विरोधी पक्ष होते. नोटीस आली ती डासांबद्दल. एप्रिल २०२३ मध्ये राज मुंगासे व उमेश खाडे या दोन तरुणांनी सत्ताधाऱ्यांवर व राजकारणावर टीका करणारी मराठी रॅप गाणी स्वतःच्या बळावर प्रसृत केली, तेव्हा त्यांच्यावर अनुक्रमे अंबरनाथ व वडाळा येथील पोलिसांनी गुन्हेच नोंदवले. गाण्याचा प्रकार तोच, भाषा तीच, राज्य तेच. फरक होता तो गाणाऱ्याच्या मागे कोण उभे आहे याचा. आणि कराडसारख्या गावात तर हा फरक आणखी तीव्र होतो. येथे रस्त्याचा ठेकेदार, त्याच्यावर देखरेख करणारा अभियंता, प्रभागाचा नगरसेवक आणि तक्रार करणारा नागरिक हे एकाच लग्नाच्या पंक्तीला बसतात. कोणाचा मुलगा कोणाच्या संस्थेत शिकतो, कोणाचा ऊस कोणाच्या कारखान्याला जातो, हे सर्वांना माहीत असते. मुंबईच्या गाण्यात पालिका ही एक निनावी यंत्रणा आहे; येथे ती नाव, आडनाव व भावकी असलेली माणसे आहेत. अशा ठिकाणी उपरोध करणाऱ्याला खटल्याचे भय कमी, पण उद्या सकाळी चौकात भेटणाऱ्या माणसाचे भय अधिक.

गाण्यांची वाण मात्र लहान गावांतही नाही. स्वच्छता मोहीम सुरू झाल्यापासून ठिकठिकाणच्या घंटागाड्या ध्वनिक्षेपकावर गाणी वाजवीत गल्लोगल्ली फिरतात. ओला कचरा वेगळा, सुका कचरा वेगळा, हे नागरिकांना चालीवर सांगितले जाते. ती गाणी निरुपयोगी आहेत असे कोणी म्हणणार नाही. कराडने २०२० च्या स्वच्छ सर्वेक्षणात एक लाखाहून कमी लोकसंख्येच्या शहरांत देशात पहिला क्रमांक मिळवला, ही येथील सफाई कामगारांची व नागरिकांची साधी मिळकत नव्हे. परंतु नागरिकांनी काय करावे हे पालिकेने गाऊन सांगावे, आणि पालिकेने काय करावे हे नागरिकाने गाऊन सांगितले तर त्याच्या कुंडीखालची ताटली पाहिली जावी, असा हा एकतर्फी संगीताचा व्यवहार आहे. चैत्रापासून या भागातील गावोगावच्या जत्रा सुरू होतात, फड येतात, बतावणी रंगते. तेथील सोंगाड्या आजही दिल्ली व मुंबईच्या पुढाऱ्यांवर मनसोक्त बोलतो. ज्या गावात तंबू पडला आहे, त्या गावच्या रस्त्यावर तो किती बोलतो, आणि बोलला तर पुढच्या वर्षी त्याच्या फडाला सुपारी मिळते की नाही, हे जत्रा कमिटीच्या वर्गणीच्या वहीत पाहावयास हवे.